गावावर राहिलेली मैना : शाहीर अण्णा भाऊ साठे यांचा प्रयोग

रेवदंड्याचा इतिहास सांगा म्हटले, की आपण पाहुण्याला आगरकोटाचा तट दाखवतो. पोर्तुगीजांनी तो कसा बांधला, पलीकडे कोर्लईचा किल्ला कसा उभा आहे, शेजारच्या चौलचे बंदर एके काळी किती गजबजलेले होते, हे सारे आपण हौसेने सांगतो. हा इतिहास दगडांत आहे, म्हणून तो डोळ्यांना दिसतो. पण या गावाचा, आणि खरे म्हणजे या सगळ्या किनाऱ्याचा, आणखी एक इतिहास आहे. तो घराघरांत आहे. घरातला कर्ता पुरुष रेवसच्या धक्क्यावर जाऊन लाँचीत बसला, भाऊच्या धक्क्यावर उतरला आणि परळ-लालबागच्या गिरणीत साच्यावर उभा राहिला. त्याची बायको इकडे वाडी शिंपत राहिली, भात लावीत राहिली, सासूसासऱ्यांचे करीत राहिली आणि पोस्टमनची वाट पाहत राहिली. अशी घरे कोकणात हजारांनी होती. या ताटातुटीचा तट कुठे उभा नाही. पण तिचे एक गाणे मात्र आहे.

त्या गाण्याचे नाव ‘माझी मैना गावावर राहिली’. ते रचणारे शाहीर अण्णा भाऊ साठे. आपल्यापैकी पुष्कळांनी ते ऐकले असेल. कुणी अमर शेखांच्या आठवणींतून, कुणी विठ्ठल उमपांच्या खड्या आवाजातून. ऐकताना मान डोलली असेल, क्वचित डोळेही भरून आले असतील. परंतु हे गाणे घडले कसे, ज्या माणसाने ते घडवले त्याने आपल्या जुन्या तमाशात नेमका कोणता फेरफार केला, आणि एक लावणी राज्याच्या सीमेविषयी बोलू कशी लागली, हा विचार आपण सहसा करीत नाही. आज तो करू या. कवितेचा प्रयोग म्हणजे काहीतरी शहरी, अवघड, पुस्तकी गोष्ट अशी आपली समजूत असते. या शाहिराचा प्रयोग उघड्या मैदानावर, ढोलकी आणि तुणतुण्याच्या साथीने, अक्षरओळख नसलेल्या माणसांसमोर झालेला आहे.

अण्णा भाऊ कोकणातले नव्हेत. त्यांचे मूळ नाव तुकाराम भाऊराव साठे. १ ऑगस्ट १९२० रोजी वाळवा तालुक्यातील वाटेगाव येथे मातंग समाजातील एका गरीब घरात त्यांचा जन्म झाला. हा तालुका तेव्हा सातारा जिल्ह्यात होता, आता सांगलीत आहे. शाळेत ते नावापुरतेच गेले. पुढे वडिलांबरोबर घरदार मजल दरमजल करीत पायी मुंबईला आले. तिथे त्यांनी हमाली केली, फेरीवाल्याचे काम केले, गिरणीत काम केले. दुकानांच्या पाट्या आणि सिनेमाच्या जाहिराती वाचत वाचत त्यांनी अक्षरे पक्की केली असे सांगतात. मधल्या काळात गावी परतल्यावर आपले भाऊबंद बापू साठे यांच्या तमाशाच्या फडात ते उभे राहिले. म्हणजे त्यांच्या दोन शाळा झाल्या : एक तमाशाचा फड आणि दुसरी मुंबईची गिरणी. या दोन शाळांची सांगड त्यांनी घातली, हीच त्यांची कामगिरी.

आता फडात काय असते ते थोडे नीट पाहू. नव्या पिढीच्या विद्यार्थ्यांना हे सांगावे लागते म्हणून सांगतो. जाणत्यांनी क्षमा करावी. तमाशाला आरंभी गण असतो. त्यात गणपतीला आवाहन करून खेळ निर्विघ्न पार पाडण्याची विनवणी करतात. मग गवळण येते. मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गौळणी, त्यांची मावशी, वाट अडवणारा कृष्ण आणि त्याचा सवंगडी पेंद्या. इथे थट्टामस्करी होते, नाच होतो. पुढे बतावणी, म्हणजे हजरजबाबी संवाद. आणि शेवटी वग, म्हणजे राजाराणीची, प्रधानाची, एखाद्या फसवणुकीची लांबलचक गोष्ट. बरोबर ढोलकी, हलगी, कडे, तुणतुणे, झांज. मुख्य गाणाऱ्याच्या मागे झीलकरी उभे. सरदाराने ओळ टाकली, की झीलकऱ्यांनी ती उचलायची आणि खेचून वर न्यायची. सोंगाड्या मधेच तोंड घालून राजाचीही फजिती करणार. त्याला कोणी अडवीत नाही, कारण तो सोंगाड्या.

हा साचा शेकडो माणसांनी घडवला आणि त्यातले बहुतेक महार-मांग समाजातले कलावंत होते. ‘पांढरपेशा’ माणूस तो चोरून पाहत असे आणि उघडपणे त्याला नाक मुरडीत असे. अपवाद होते. सोलापूरचे राम जोशी होते. पठ्ठे बापूराव, म्हणजे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी, हेही याच वाळवा तालुक्यातल्या रेठरे हरणाक्षचे. ब्राह्मणाचा मुलगा फडात उतरला म्हणून त्यांच्यावर केवढा गहजब झाला! म्हणजे ज्या मातीत पठ्ठे बापूरावांची लावणी पिकली त्याच मातीतून अण्णा भाऊ आले. गुणाला परंपरा होती. मान मात्र नव्हता.

या साच्याचा उपयोग समाज जागा करण्यासाठी करावा, ही कल्पनाही अण्णा भाऊंची पहिली नव्हे. जोतीराव फुल्यांनी १८६९ साली छत्रपती शिवाजी महाराजांवर पवाडा रचला. १८७३ साली सत्यशोधक समाज स्थापन झाला आणि पुढे त्या समाजाचे जलसे गावोगाव फिरू लागले. जलसा म्हणजे तमाशाचाच घाट, पण आत मजकूर वेगळा. भटजीच्या दक्षिणेवर, सावकाराच्या व्याजावर, मुलांच्या शिक्षणावर त्यात सवालजवाब चालत. नंतर आपल्याच जिल्ह्यात, महाडला, २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले, आणि त्या चळवळीतून आंबेडकरी जलसे उभे राहिले. भीमराव कर्डकांसारखे जलसाकार बाबासाहेबांचा विचार वस्त्यावस्त्यांतून नेऊ लागले. वर्तमानपत्र वाचता न येणाऱ्या माणसापर्यंत ते वर्तमान गाऊन पोहोचवीत होते. अण्णा भाऊंच्या पाठीशी अशी पाऊणशे वर्षांची वाट होती. हे ध्यानात ठेवले म्हणजे त्यांचा प्रयोग आकाशातून पडला असे वाटणार नाही आणि त्यात नवे काय होते तेही नेमके कळेल.

१९४४ साली अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गवाणकर या तिघांनी मिळून ‘लाल बावटा कलापथक’ काढले. मुंबईच्या गिरणी कामगारांची १९२८ साली स्थापन झालेली मोठी युनियन ‘लाल बावटा’ याच नावाने ओळखली जात होती. तेव्हा नाव ऐकताच कामगाराला हे आपले पथक आहे हे समजत असे. तिघांचे गुण वेगवेगळे होते. बार्शीचे अमर शेख, मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल, यांचा आवाज असा होता की मोठ्या मैदानावर शेवटच्या रांगेला तो ऐकू जाई. ते स्वतः कवीही होते. गवाणकरही शाहीर. आणि रचनेची मुख्य भट्टी अण्णा भाऊंची.

आता फेरफार पाहा. पहिला फेरफार गणात. अण्णा भाऊंनी आरंभीचे वंदन ठेवले, कारण वंदनाशिवाय खेळ सुरू झाला असे आपल्या प्रेक्षकाला वाटतच नाही; पण ते वंदन मायभूमीला, शिवछत्रपतींना आणि राबणाऱ्या माणसांना केले. दुसरा फेरफार गवळणीत. कृष्ण आणि गौळणी यांची शृंगारिक थट्टा त्यांनी काढून टाकली. तिसरा वगात. वगातले राजाराणी गेले आणि त्यांच्या जागी सावकार, जमीनदार, काळाबाजारवाला, पुढारी आणि त्यांच्यासमोर उभा असलेला शेतकरी किंवा कामगार आला. सोंगाड्या मात्र त्यांनी ठेवला. का? तर मोठ्या माणसाला सर्वांसमोर अडचणीचा प्रश्न विचारण्याचा परवाना या एकाच पात्राला होता. पूर्वी सोंगाड्या प्रधानाची फजिती करीत असे, आता तो सावकाराच्या वहीकडे बोट दाखवू लागला. ‘अकलेची गोष्ट’ हे त्यांचे लोकनाट्य या नव्या धर्तीचे आहे.

१९४०च्या दशकाच्या अखेरीस मुंबई सरकारने तमाशावर बंदी घातली आणि पुढे संहिता तपासून परवाना देण्याची पद्धत आणली. बंदीचे कारण अश्लीलतेचे सांगितले गेले. परंतु तिच्या कचाट्यात राजकीय खेळही सापडले. ‘तमाशा’ या शब्दावरच संकट आले तेव्हा या मंडळींनी आपल्या खेळाला ‘लोकनाट्य’ म्हणायला सुरुवात केली. आज आपण हा शब्द सहज वापरतो, शाळेच्या स्नेहसंमेलनात लोकनाट्य बसवतो. हा शब्द रूढ होण्यात या शाहिरांचा मोठा वाटा आहे, हे आपल्या मुलांना माहीत असायला हवे.

घाट बदलला, पण केवळ घाट बदलून भागत नाही. भाषेचे काय? इथे अण्णा भाऊंचे खरे कसब दिसते. त्यांच्या बोलीत वाळव्याची माती आहे आणि तिच्यात मुंबईचे शब्द मिसळले आहेत : गिरणी, संप, मोर्चा, चाळ, काळाबाजार. पुस्तकी प्रचारकाची भाषा कामगाराच्या डोक्यावरून जाते. ‘शोषण’, ‘भांडवलशाही’ हे शब्द सभेत ऐकून माणूस टाळी वाजवतो आणि घरी जाऊन विसरतो. शाहीर ते शब्द बाजूला ठेवतो आणि वस्तू दाखवतो. ‘मुंबईची लावणी’ घ्या. लावणी म्हटल्यावर ऐकणाऱ्याला एखाद्या सुंदरीचे वर्णन अपेक्षित असते. इथे सुंदरीच्या जागी खुद्द मुंबई आहे आणि तिचे वर्णन दोन बाजूंनी चालते. एकीकडे मलबार हिलचा झगमगाट, दुसरीकडे परळच्या कामगाराचा घाम. शाहीर निवाडा सांगत नाही. दोन चित्रे शेजारी ठेवतो आणि निवाडा ऐकणाऱ्यावर सोडतो. शिक्षकांनी हे लक्षात घ्यावे, कारण वर्गातही हीच युक्ती चालते.

पवाड्याच्या बाबतीतही असेच झाले. पवाडा म्हणजे आपल्याकडे अफजलखानाचा वध, तानाजीचा सिंहगड, पानिपत. अण्णा भाऊंनी १९४३ साली पवाडा रचला तो स्टालिनग्राडचा. रशियातल्या व्होल्गा नदीकाठच्या त्या शहरात हिटलरच्या फौजा १९४२ साली घुसल्या आणि रस्त्यारस्त्यांत, घराघरांत लढत शेवटी फेब्रुवारी १९४३ मध्ये त्यांना शरण यावे लागले. सातासमुद्रापलीकडचे हे युद्ध मुंबईच्या चाळीत राहणाऱ्या माणसाने डफाच्या ठेक्यावर ऐकले आणि त्याला ते सिंहगडाइतके जवळचे वाटले. कारण साचा ओळखीचा होता : वेढा, आणीबाणी, सामान्य शिपायाचे शौर्य आणि विजय. अनोळखी बातमी ओळखीच्या चालीत बसवली की ती परकी राहत नाही. जगात इतरत्रही याच सुमारास थोडे आधी असे प्रयत्न झाले होते. रशियात मायकोव्हस्की नावाचा कवी कारखान्यांत आणि सभांत उभा राहून आपल्या कविता गर्जत असे, आणि १९१९ नंतर काही वर्षे त्याने भिंतीवरच्या चित्रांखाली लोकांसाठी पद्ये लिहिली. पण त्याला आपला घाट बराचसा नव्याने शोधावा लागला. आपल्याकडे तो तयार होता. अण्णा भाऊंचा प्रयोग म्हणजे जुन्या भांड्यात नवे पाणी भरणे असे कुणी म्हणेल. मला ती उपमा अपुरी वाटते, कारण पाणी भरता भरता भांड्याचाही आकार बदलला.

आता आपल्या मैनेकडे वळू. ही छक्कड आहे, म्हणजे लावणीचाच एक ठसकेबाज प्रकार. ओळी आखूड, ठेका जलद, ध्रुपद वारंवार परत येणारे. हे परत येणारे ध्रुपद फार महत्त्वाचे. ज्या सभेत पाच-दहा हजार माणसे आहेत, बऱ्याच जणांना लिहिता-वाचता येत नाही, तिथे दुसऱ्या खेपेला ध्रुपद लोकांच्या तोंडी बसते आणि तिसऱ्या खेपेला झीलकऱ्यांबरोबर सगळे मैदान गाऊ लागते. मग ते गाणे एकट्या शाहिराचे राहत नाही. ज्याने गायले त्याने कबुली दिली, असा त्याचा अर्थ होतो.

गाण्याचा पहिला भाग अगदी लावणीच्या वळणावर जातो. शाहीर आपल्या बायकोचे वर्णन करतो; तिचा बांधा, रंग, चाल, बोलणे. ऐकणारा खुलतो. मग हळूच सूर बदलतो. दारिद्र्यामुळे नवरा मुंबईला निघाला आहे, ती रुसली आहे, तो तिला दागिन्यांची वचने देऊन समजावतो आहे. गावची वेस मागे पडते. मुंबईत आल्यावर त्याला दिसतो तो श्रीमंतांचा थाट, काळाबाजार आणि आपल्यासारख्यांची वणवण. इथपर्यंत ही एका कामगाराची कहाणी आहे. आणि मग शेवटच्या वळणावर शाहीर म्हणतो, की जशी माझी आणि मैनेची ताटातूट झाली तशीच या महाराष्ट्राची झाली आहे. बेळगाव, कारवार, निपाणी, गोवा हे त्यापासून दूर राहिले आहेत. ऐकणारा चमकतो. ज्या मैनेसाठी तो आतापर्यंत हळहळत होता ती मैना आता सीमेपलीकडे राहिलेली माणसे झाली!

हे वळण किती धाडसाचे आहे पाहा. राज्यपुनर्रचना, द्विभाषिक, सीमाप्रश्न हे सारे कागदावरचे विषय. कमिशने बसतात, अहवाल निघतात. बाजाराला आलेल्या बाईला त्यात काय रस असणार? पण नवरा मुंबईत आणि आपण गावी, हे दुःख तिला नव्याने शिकवावे लागत नाही. शाहिराने ते दुःख उचलले आणि राज्याच्या नकाशाशेजारी ठेवले. कोकणातल्या माणसाने हे गाणे ऐकले तेव्हा त्याला सीमाप्रश्न आधी काळजाला कळला आणि मग डोक्याला.

त्या काळात काय चालले होते ते थोडक्यात आठवू. मुंबईसह मराठी भाषिकांचे राज्य मिळावे म्हणून लोक रस्त्यावर आले. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी फ्लोरा फाउंटनपाशी गोळीबार झाला, पुढे जानेवारी १९५६ मध्ये पुन्हा झाला. या लढ्यात शंभराहून अधिक माणसे प्राणांस मुकली. ६ फेब्रुवारी १९५६ रोजी पुण्यात संयुक्त महाराष्ट्र समिती स्थापन झाली. त्याच वर्षी आपल्या कुलाबा मतदारसंघाचे लोकसभेतील प्रतिनिधी आणि भारताचे अर्थमंत्री चिंतामणराव देशमुख यांनी मुंबईच्या प्रश्नावर मंत्रिपदाचा राजीनामा दिला. १ नोव्हेंबर १९५६ रोजी द्विभाषिक मुंबई राज्य झाले, आणि अखेर १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य जन्माला आले. बेळगाव-कारवार मात्र बाहेरच राहिले. चिंतामणरावांचा राजीनामा संसदेच्या कामकाजात नोंदला गेला. शाहिरांचे गाणे सभेच्या मैदानावर घुमले. एका विद्वानाने पद सोडून जे सांगितले तेच एका हमालाने ढोलकीवर सांगितले. इतिहास लिहिताना आपण पहिल्या गोष्टीला पान देतो आणि दुसरीला तळटीप. निदान शिक्षकांनी तरी दोन्ही गोष्टी एकाच फळ्यावर लिहाव्यात.

आपल्या जिल्ह्याला तर हे सांगायलाच नको. २७ ऑक्टोबर १९३३ रोजी अलिबाग तालुक्यातल्या चरी गावी शेतकऱ्यांची सभा भरली आणि खोतांच्या जमिनी न कसण्याचा निर्णय झाला. नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली हा संप सहा वर्षे चालला. लोकांनी लाकूडफाटा विकून दिवस काढले, पण नांगर धरला नाही. १० जानेवारी १९३८ रोजी डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली मुंबईच्या कौन्सिल हॉलवर शेतकऱ्यांचा मोर्चा गेला, त्यात कोकणातले हजारो शेतकरी होते. सहा वर्षे पोट बांधून राहायचे तर नुसता ठराव पुरत नाही. माणसे एकत्र बसावी लागतात, एकमेकांना धीर द्यावा लागतो, आणि धीर देण्याचे साधन आपल्याकडे फार पूर्वीपासून एकच आहे : एकत्र म्हणण्याचे गाणे. अण्णा भाऊ, अमर शेख आणि गवाणकर यांनी हेच ओळखले होते.

येथवर आपण गौरव केला. पण इतिहासाच्या अभ्यासकाने गौरवावर थांबू नये. शाहिरीची एक अडचण आहे : ती बाजू घेते. बाजू घेतल्याशिवाय डफावर थाप पडत नाही हे खरे. पण कधी कधी ज्याची बाजू घेतली त्याची दुसरी बाजू झाकली जाते. स्टालिनग्राड लढवणाऱ्या सैनिकांचे आणि नागरिकांचे शौर्य शंभर टक्के खरे. पण ज्याचे नाव त्या शहराला होते त्या स्टालिनच्या राजवटीत लाखो निरपराध माणसे तुरुंगात आणि श्रमछावण्यांत खितपत पडली, हेही तितकेच खरे. १९५६ साली रशियाच्या कम्युनिस्ट पक्षाच्या परिषदेतच त्या अत्याचारांचा पाढा वाचला गेला. अण्णा भाऊ १९६१ साली रशियाला जाऊन आले आणि त्यांनी आपल्या प्रवासाचे वर्णन लिहिले, ते प्रेमाने भरलेले आहे. ज्या देशाने राबणाऱ्या माणसाला मान दिला असे त्यांना वाटत होते, त्या देशावर त्यांचा जीव होता. आज तो पवाडा वाचताना शिक्षकाने दोन्ही गोष्टी सांगाव्यात. त्यामुळे शाहीर लहान होत नाही, विद्यार्थी मात्र मोठा होतो.

दुसरी अडचण अधिक खोल आहे आणि ती आपल्या मैनेचीच आहे. गाणे सारे तिच्याविषयी, पण ते बोलतो कोण? नवरा. तिचे रूप तो सांगतो, तिचा रुसवा तो सांगतो, तिचा विरह तो सांगतो. ती गावावर राहिली आणि गाण्यातही ती गप्पच राहिली. गवळणीतली शृंगाराची थट्टा काढली हे ठीक झाले, पण त्याबरोबर तमाशात बाईला जी थोडीबहुत उलटून बोलण्याची जागा होती तीही आक्रसली. चळवळीच्या फडावर पुरुषांचे आवाज भरले आणि मैना विषय झाली, वक्ती झाली नाही. हा दोष एकट्या अण्णा भाऊंचा म्हणता येणार नाही. त्यांच्या कादंबऱ्यांत ताठ मानेच्या, झुंजणाऱ्या स्त्रिया पुष्कळ आहेत. पण गाण्यात राहिलेली ही पोकळी आपण ओळखली पाहिजे.

शाहिराची पुढची कहाणी थोडक्यात सांगतो. त्यांनी तीसहून अधिक कादंबऱ्या लिहिल्या. १९५९ साली ‘फकिरा’ प्रसिद्ध झाली, ती त्यांनी डॉ. आंबेडकरांना अर्पण केली आणि १९६१ साली तिला राज्य शासनाचे पारितोषिक मिळाले. २ मार्च १९५८ रोजी मुंबईत पहिले दलित साहित्य संमेलन भरले, त्याचे उद्घाटन त्यांनी केले. पृथ्वी शेषाच्या मस्तकावर तोलली आहे ही पुराणातली समजूत उलटवून, ती दलितांच्या आणि श्रमिकांच्या तळहातावर तोलली आहे, असे त्यांनी तेथे सांगितले. इतके लिहून आणि गाऊनही त्यांचे आयुष्य घाटकोपरच्या चिरागनगर झोपडपट्टीत गरिबीतच गेले. १८ जुलै १९६९ रोजी ते वारले. त्यानंतर सुमारे दीड महिन्याने, २९ ऑगस्टला, अमर शेखही अपघातात गेले. ज्या वर्षी माणूस चंद्रावर उतरला त्याच वर्षी मैनेचा कर्ता आणि तिचा गायक दोघेही गेले.

पुढे मान मिळाला. २००२ साली भारत सरकारने अण्णा भाऊंचे टपाल तिकीट काढले. २०२२ साली मॉस्कोत त्यांचा पुतळा बसला. जयंतीला आता मिरवणुका निघतात. पण ज्या गिरणगावासाठी ते गायले ते गिरणगाव राहिले नाही. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या मोठ्या संपानंतर गिरण्या एकेक करून बंद पडल्या, आणि त्यांच्या जागी उंच इमारती उभ्या राहिल्या. आपल्या किनाऱ्यावरच्या पुष्कळ घरांत त्या संपाची आठवण आजही आहे : कुणाचा बाप गावी परतला तो पुन्हा गेलाच नाही. गाणे ऐकणारे मैदान विरले की गाण्याचे काय होते? ते छापील पानावर येते. आणि छापील पानावर छक्कड म्हणजे वाळलेला बोंबील : जपून ठेवता येतो, पण त्यावरून समुद्र कळत नाही. चाल नाही, झील नाही, सोंगाड्या नाही, समोरची गर्दी नाही.

म्हणून, शिक्षकबंधू आणि भगिनींनो, एक विनंती आहे. अण्णा भाऊंचे चित्र भिंतीवर लावाल तेव्हा त्यांचे गाणे मुलांकडून वाचून घेऊ नका, म्हणवून घ्या. एकाने ओळ टाकावी, वर्गाने झील धरावी. डफ नसला तर बाकावर ठेका धरावा. ध्रुपद दुसऱ्या खेपेला आपोआप तोंडात कसे येते याचा अनुभव मुलांना आला, की लोकशाहीत एकत्र बोलणे म्हणजे काय याचा अर्धा पाठ झाला असे समजा.

आणि राहिलेला अर्धा पाठ मैनेच्या उत्तराचा. गाण्यात ती बोलली नाही, पण प्रत्यक्षात ती गप्प कधीच नव्हती. पहाटे जात्यावर ती बोलत होती. आपल्या किनाऱ्यावर आगरी लग्नात धवळारीण धवले गात होती. कोळीवाड्यात, शेतात लावणीच्या वेळी बायका गात होत्या. नवरा मुंबईला गेल्याचे, त्याचे पत्र न आल्याचे, सासरी एकटे पडल्याचे त्यांनी जात्यालाच सांगितले. पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी पॉइटेव्हँ यांनी महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांतून अशा एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या, तेव्हा केवढा मोठा आवाज आपण ऐकलाच नव्हता हे कळले. आता जाती बंद झाली आहेत आणि ती ओवी म्हणणाऱ्या आज्या उरल्या आहेत त्या थोड्या. रेवदंड्यात, चौलला, कोर्लईला, आपल्या शाळेच्या प्रत्येक विद्यार्थ्याच्या घरात किंवा शेजारी अशी एखादी आजी असेलच. मुलांनी तिच्यापाशी बसावे, तिला गायला सांगावे, ते टिपून ठेवावे. आज प्रत्येक घरातल्या फोनमध्ये आवाज साठवता येतो, तेव्हा चालही साठवावी. आजीचे नाव आणि गाव लिहावे. तिची परवानगी घ्यावी.

अण्णा भाऊंनी मुंबईच्या मैदानावरून हाक घातली, तिला आता साठहून अधिक वर्षे झाली. त्या हाकेला गावावरून उत्तर आलेच होते. ते लिहून घेणारे कोणी नव्हते. ते काम आता आपल्या शाळेतल्या मुलांकडे आहे.